मिसेस थ्रॅपस्टनशी तुझा काहीही संबंध नाही

हॅमरस्मिथ, लंडन
सोमवार, चहा झाल्यावर

प्रिय हेस्टर मावशी,

उभ्याउभ्याच नमस्कार. (नीट वाकून केला असता, पण गेल्या आठवड्यापासून कंबर धरली आहे. का धरली ते पुढे येईलच.) तुझे गुडघे कसे आहेत? डाव्याबद्दल विचारतोय. उजव्याबद्दल तू मागच्या पत्रात दोन पानं लिहिली होतीस, ती मी गॉडफ्रीला वाचून दाखवली आणि त्याने उजव्या गुडघ्याची वेगळी विचारपूस केली आहे. बिशप अजून कपाटावर झोपतो का? मांजराच्या वयाला ते शोभत नाही, पण सांगणार कोण. स्केगनेसला वारा नेहमीसारखाच असणार, म्हणजे तुझ्या बोर्डिंग हाउसातले पाहुणे नाश्ता करून दारातून बाहेर पडले की पाय न हलवता धक्क्याच्या टोकाला पोचत असतील. मी ठीक आहे. जेवतो. पायमोजे कोरडे असतात. तू विचारणार होतीस म्हणून आधीच सांगितलं.

तुझं पत्र शनिवारी आलं. तू जन्मात पहिल्यांदा टीव्ही भाड्याने आणलास, तो केवळ गुरुवारी रात्री आठ वाजता मला बघायला, आणि गल्लीतल्या झाडून सगळ्या बोर्डिंगवाल्या मालकीणबाईंना शेरी आणि डब्यातल्या सामन माशाची सँडविचेस खायला बोलावलंस, हे वाचून मला इतका आनंद झाला की मी जिन्यावरच बसलो. बराच वेळ बसलो. वरच्या मजल्यावरच्या बाईंनी विचारलं, कुणी गेलं का? म्हटलं, अजून नाही, गुरुवारी कळेल.

आता तुला सगळं सुरुवातीपासून सांगायला हवं, कारण गुरुवारी तू जे बघणार आहेस ते का आणि कसं झालं हे कळलं नाही तर तुझा गैरसमज होईल. (गैरसमज होण्यासारखं त्यात काहीही नाही. हे मी आधीच सांगून ठेवतो.)

माझा धंदा तुला माहीतच आहे. दार उघडलं की समोर जो माणूस दिसतो, तो मी. नायक दार उघडतो, मी म्हणतो, "साहेब, जरा चौकशी करायची होती," नायक दार लावून घेतो, माझं काम संपलं. मी हवालदार झालोय, पाद्री झालोय, इस्पितळातून वाईट बातमी घेऊन येणारा झालोय, आणि एकदा दोन हवालदारांमधला मागचा झालोय, ज्याचा फक्त खांदा दिसतो. माझा चेहरा लोकांच्या ओळखीचा आहे, पण कुठला ते कुणाला आठवत नाही. परवा बसस्टॉपवर एका बाईने मला गॅसवाला समजून तिच्या बॉयलरची अर्धा तास तक्रार ऐकवली. मी शेवटी "उद्या माणूस पाठवतो" म्हणालो. काय करणार, तिचा विश्वास बसला होता. आणि मावशी, तू मला एकदाच काम करताना बघितलंस, लिंकनच्या थिएटरात. तू कोट काढून बसेपर्यंत मला गोळी लागली होती. नंतर तू म्हणालीस, "बरा पडलास. कपड्याला धूळ लागू दिली नाहीस." एवढ्या वर्षांत तुझ्याकडून मिळालेली दाद ती एवढीच. मी ती अजून पुरवून पुरवून वापरतो.

लिहिण्याचं काम मी आणि गॉडफ्री मिळून करतो हे तुला ठाऊक आहे. गॉडफ्री खोलीभर फिरतो आणि मी टाइप करतो. त्याला विनोद फक्त चालताना सुचतात, त्यामुळे आमच्या गालिच्यात एक पायवाट पडली आहे. मी म्हणतो, हे फार होतंय. तो म्हणतो, अजून घाल. मग आम्ही भांडतो, चहा करतो, आणि चहा झाला की जे मी कापलेलं असतं ते तो परत घालतो. तर आम्ही समुद्रकाठच्या एका बोर्डिंग हाउसवर मालिका लिहिली. टीव्हीवाल्यांनी सांगितलं, आधी एकच भाग करू, लोकांना आवडला तर आणखी सहा. आता आमच्या धंद्यात एक रीत आहे. जो लिहितो तो आपल्यासाठी एक छोटं काम लिहून ठेवतोच, आणि तेही पहिल्याच पानावर, म्हणजे पुढे कात्री लागली तरी आपण वाचतो. मी माझ्यासाठी एक भाडेकरू लिहिला, जो पूर्ण अर्धा तास वर्तमानपत्रामागे बसलेला असतो. पाठ करायला काही नको, विसरलं तर पेपरात चिकटवून ठेवायचं. अभिनयाच्या इतिहासात इतकं सुखाचं काम कुणी लिहिलं नसेल. मला त्याचा अभिमान होता.

बोर्डिंगची मालकीण म्हणजे मिसेस थ्रॅपस्टन. मावशी, तिच्याबद्दल मी मुद्दाम खुलाशाने लिहितो. तिचा तुझ्याशी काहीही संबंध नाही. तुझ्याकडे एक मांजर आहे, तिच्याकडे पिंजऱ्यात तीन कॅनरी पक्षी आहेत. तू पूर्व किनाऱ्यावर, ती दक्षिण किनाऱ्यावर. ती पाहुण्यांना नाश्ता झाला की बाहेर काढते आणि संध्याकाळच्या चहापर्यंत आत घेत नाही, मग बाहेर पाऊस असो की प्रलय. पण हे सगळ्याच मालकीणबाई करतात. घंटा वाजवल्यावर जो वेळेत टेबलाशी आला नाही त्याचं सूप ती त्याच्या डोळ्यांदेखत परत भांड्यात ओतते, हे मी कुठेतरी वाचलं होतं. आणि बाथटबचं बूच ती साखळीसकट एप्रनच्या खिशात घेऊन फिरते, ज्याला अंघोळ हवी त्याने येऊन मागायचं, ही कल्पना तर सरळसरळ गॉडफ्रीची आहे. (गॉडफ्री त्या उन्हाळ्यात आठवडाभर तुझ्याकडे राहिला होता आणि लाजेपायी बूच मागू शकला नाही, याचा इथे संबंध लावू नकोस. परत आला तेव्हा गाडीत त्याच्या शेजारी कुणी बसलं नव्हतं, हे मात्र खरं.)

मिसेस थ्रॅपस्टनचं काम करायला कॉन्स्टन्सबाईंना घेतलं. मोठी नटी. आयुष्यभर राण्या केलेल्या. तालमीला आम्हाला एका चर्चचा हॉल मिळतो, बॅडमिंटनच्या बुटांचा वास येणारा. तिथे भिंती नसतात, जमिनीवर रंगीत चिकटपट्ट्या लावतात, लाल पट्टी म्हणजे स्वयंपाकघर, पिवळी म्हणजे जेवणाची खोली, पट्टीत फट असेल ते दार. सगळे शहाणे लोक आठवडाभर हवेतली दारं उघडतात आणि लावतात. कॉन्स्टन्सबाई एकदा पट्टीवरून चालत गेल्या तर गॉडफ्री किंचाळला, "बाई, भिंतीतून आलात." त्या म्हणाल्या, राणीला भिंत आडवी येत नाही. त्यांचं आणखी एक म्हणणं होतं की या मालकीणबाईच्या अंतर्मनात एक जखम असायला हवी, तिने बूच खिशात ठेवलंय ते कुणीतरी तिला सोडून गेलं म्हणून. गॉडफ्री म्हणाला, गरम पाणी वाचतं म्हणून. त्यावर दोन दिवस अबोला. आणि आठ दिवसांपूर्वी रविवारी, म्हणजे ज्या संध्याकाळी स्टुडिओत प्रेक्षकांसमोर एका दमात सगळं चित्रित करायचं त्याच दिवशी, दुपारी बाईंचा आवाज बसला. पूर्ण बसला. पाटीवर लिहून त्यांनी कळवलं की देवाची इच्छा.

प्रेक्षक आले होते, मावशी. वुल्व्हरहॅम्प्टनहून तीन बस भरून बायका आल्या होत्या, घरून डबे घेऊन. सुरू होईपर्यंत त्या बायकांना हसतं ठेवायला नेमलेला माणूस पुढे उभा राहून आपल्या सासूचे विनोद सांगत होता, आणि आत निर्माता आमच्यासमोर उभा राहून विचारत होता की संवाद कुणाला पाठ आहेत. गॉडफ्रीने माझ्याकडे बोट दाखवलं. मी म्हटलं, मला फक्त टाइप करता येतं, शिवाय मी पुरुष आहे. निर्माता म्हणाला, दोन्ही चालेल. कपडेपटातल्या मुलींनी मला कॉन्स्टन्सबाईंच्या झग्यात कोंबलं (मागे शिवण उसवून सेफ्टीपिना लावल्या, कंबर तिथूनच गेली), डोक्यावर गुलाबी फुलांची एक टोपी ठेवली, खिशात बूच घातलं. मी गॉडफ्रीला म्हटलं, अरे, मला ही बाई करता येणार नाही, मी तिला ओळखत नाही. गॉडफ्रीने माझ्याकडे असं बघितलं जसं मी त्याला माझ्याच आईचं नाव विचारलं.

"लायनेल," तो म्हणाला, "तू सात वर्षांचा असल्यापासून सीझनभर कुणाच्या चादरींच्या कपाटात झोपत होतास?"

आता इथे तुझ्या मनात एक शंका येईल. येऊ देऊ नकोस.

मी आत गेलो. दिवे लागले. वुल्व्हरहॅम्प्टनच्या बायका बघत राहिल्या. मला पहिलं वाक्य आठवेना, दुसरंही आठवेना, पेपर माझ्या जागी बसवलेल्या दुसऱ्याच नटाच्या हातात होता आणि माझ्या डोक्यात एवढंच आलं की लिंकनमध्ये निदान गोळी तरी लागली होती. हात आपोआप खिशात गेला. बूच लागलं. साखळी बोटाला गुंडाळली गेली, आणि मावशी, काय झालं कुणास ठाऊक, माझी हनुवटी वर झाली, वजन डाव्या पायावर गेलं, आणि मी पेपरामागच्या त्या बिचाऱ्याकडे बघून म्हणालो, "मला काय, मी कुणाला काही म्हणत नाही." हे लिहिलेलं नव्हतं. आणि त्यानंतर मी त्याला सगळं म्हणालो. त्याच्या बुटांना, त्याच्या टॉवेलला, टोस्टवर तो लोणी कसं लावतो त्याला, त्याच्या आईला. तेही लिहिलेलं नव्हतं. बायका हसायला लागल्या, आणि साध्या हसल्या नाहीत, एकमेकींना कोपराने ढोसून हसल्या, ओळख पटल्यावर हसतात तशा.

मग मला स्वयंपाकघरात जायचं होतं. आठवडाभर मी पेपरामागे बसलेला, हवेतलं दारसुद्धा मी कधी उघडलं नव्हतं. इथे खरं दार. ते ढकलायचं होतं, मी ओढलं. नाही उघडलं. आणखी जोराने ओढलं. तेव्हा दाराबरोबर अख्खी भिंत आली, कॅलेंडर, घड्याळ, तीन मातीची बदकं, सगळ्यासकट, आणि मागे, आग लागलीच तर म्हणून ठेवलेला स्टुडिओचा बंबवाला खुर्चीवर बसून सँडविच खात होता. निर्मात्याने वर काचेच्या खोलीत डोकं धरलं असं नंतर कळलं. बंबवाला घास तोंडात धरून माझ्याकडे बघतोय, मी त्याच्याकडे. आणि माझ्या तोंडून आलं, "नाश्ता संपून किती वेळ झाला? बाहेर व्हा. आणि पाय पुसलेत का?" मावशी, तो उठला. त्याने खरंच पाय पुसले. सँडविच लपवलं आणि "सॉरी मॅडम" म्हणत बाहेर गेला. वुल्व्हरहॅम्प्टनची एक बाई हसताहसता खुर्चीवरून घसरली, तिला पाणी द्यावं लागलं. त्यांनी ते सगळं ठेवलंय. गुरुवारी तेच दिसणार आहे.

तर मावशी, असं आहे. मिसेस थ्रॅपस्टनचा तुझ्याशी संबंध नाही हे आता तुझ्या नीट लक्षात आलं असेल. लहानपणी आई गेल्यावर तू मला आणलंस, आणि सीझनमध्ये खोल्या भरल्या की कपाटात झोपवलंस, पण कपाटाच्या दाराला भोकं पाडून घेतलीस आणि रोज रात्री एका भोकातून डोळा लावून बघायचीस की मी श्वास घेतोय ना. हे काही मालिकेत नाही. ते मी कधी लिहिणार नाही. पण मालिकेत जे आहे ते बघून, आणि त्या सगळ्या बायकांसमोर बघून, तुला वाटलं की पोराने माझी चेष्टा मांडली, तर मला परत यायला तुझं ते एकच दार आहे, आणि ते उघडल्यावर मी समोर दिसलो की तू लावून घेशील.

बिशपला थोपट. गुडघ्यांना जप.

तुझा, दारावरचा,
लायनेल

ता.क. एवढं सगळं लिहिलं ते एका छोट्या कामासाठी. गुरुवारी पावणेआठला टीव्हीच्या प्लगमधला फ्यूज काढ. स्वयंपाकघरातला लहान स्क्रूड्रायव्हर चालेल. फ्यूज एप्रनच्या खिशात बुचाशेजारी ठेव आणि बायकांना सांग, टीव्ही बिघडला. शेरी जास्त वाढ, कुणाला काही आठवणार नाही.

ता.क. २. शनिवार. मावशी, हे पत्र मी पोस्टात टाकलंच नाही. सोमवारी पेटीपर्यंत गेलो आणि परत आलो, मंगळवारी परत गेलो. गुरुवारी रात्री मी गॉडफ्रीच्या घरी सोफ्यामागे होतो. आणि काल सकाळी तुझा फोन आला. रस्त्यावरच्या टेलिफोन बूथमधून बोलत होतीस, मागे वारा, मध्येमध्ये नाणी पडल्याचा आवाज. माझी तर पाचावर धारण बसली होती. मी "मावशी, ऐक" एवढंच म्हणालो.

तू म्हणालीस, "अरे लायनेल, हुबेहूब डोरिस."

"कोण डोरिस?"

"कोण म्हणजे काय? शेजारची. तीच ती चाल, तीच ती हनुवटी. माझ्या शेजारी बसून सँडविच खात होती, बयेला कळलंसुद्धा नाही."

मग तू सांगितलंस की डोरिसने जाताना तुझ्या कानात सांगितलं, ही तर नऊ नंबरची मेबल, आणि मेबल म्हणे कोपऱ्यावरच्या मिसेस गेडनीकडे बघून डोळे मिचकावत होती. म्हणजे सगळी गल्ली हसून बेजार झाली आणि आरशात एकीनेही बघितलं नाही. मी विचारलं, आणि तू? तू हसलीस का? तू आधी आणखी एक नाणं टाकलंस. मग म्हणालीस, दात काढून बशीत ठेवावे लागले. फक्त टोपी चुकली, म्हणालीस, कुठली शहाणी बाई बोर्डिंगमध्ये गुलाबी फुलं घालते. आणि फोन कटला.

मावशी, माझा जीव भांड्यात पडला. आणि खरं सांगू, थोडा बाहेरही सांडला. टीव्हीवाल्यांना आणखी सहा भाग हवे आहेत, आणि कॉन्स्टन्सबाई एका राणीच्या कामाला गेल्या आहेत, म्हणून मिसेस थ्रॅपस्टन मलाच करायला सांगताहेत. मी अजून हो म्हटलेलं नाही. गॉडफ्री म्हणतो, मूर्खा, आता कसली वाट बघतोस, तिला वाटतंय ती डोरिस आहे. म्हटलं, म्हणूनच. जिला माहीतच नाही तिच्याकडून परवानगी कशी घ्यायची?

ता.क. ३. बुधवार. पार्सल आलं. तपकिरी कागद, आधी वापरलेला, वरचा जुना पत्ता खोडून माझा घातलेला, गाठी अशा की पोस्टमननेच कात्री मागितली. आत तुझी हिरवी टोपी, तितराचं पीस असलेली, स्टेशनवर पाहुण्यांना आणायला जाताना घालतेस ती. आणि टोपीच्या आत, लोण्याच्या कागदात गुंडाळलेलं, साखळीसकट बूच.

चिठ्ठी नाही. मी कागद उलटासुलटा करून बघितला.

मी परत जिन्यावर बसलो. डोरिसचं बूच नळाला बांधलेलं असतं, मावशी. मेबलचंही. मिसेस गेडनीचंही. "असल्या उधळेपणानेच गल्ली बुडणार," हे तूच मला वर्षानुवर्षं ऐकवलंयस. वरच्या मजल्यावरच्या बाई परत आल्या आणि म्हणाल्या, या वेळी तरी कुणी गेलं का? म्हटलं, नाही, आलं.

टोपी मला बसते. गॉडफ्रीने मला त्या टोपीत बघितलं आणि सवयीने उठून पाय पुसून आला.

ता.क. ४. मी हो म्हटलं. हे पत्र फाडून नवीन लिहिणार होतो, पण कागदाच्या दोन्ही बाजू भरल्याशिवाय फेकायचा नाही हे कुणाकडून शिकलो ते तुला माहीत आहे, तेव्हा जसं आहे तसं पाठवतो. पहिला ता.क. वाचू नकोस. सोबत या महिन्याच्या शेवटच्या रविवारचं तिकीट आहे, पहिली रांग, मधली खुर्ची. स्टेशनवर मी उभा असेन, टोपी घालून. या वेळी कोट आरामात काढ, शेवटपर्यंत मला कुणी गोळी घालणार नाही.

बूच तिथेच हातोहात परत देईन. तोवर तुझ्या घरात, भर सीझनला, पाहुणे अंघोळी कशा करताहेत हे मी विचारणार नाही. मला काय, मी कुणाला काही म्हणत नाही.